पाच फूट किनु

"ओसाकाची प्रत विकली म्हणे," तोमे म्हणाली.

ओकुनो सेइजिरो भातावर गरम चहा ओतून घेत होता. दिवसभर मेहुण्याच्या दुकानात सलगमाच्या लोणच्यावर दगड ठेवून ठेवून त्याच्या बोटांना मिठाचा वास लागला होता, आणि तो वास जेवणातही उतरायचा. त्यानं मान वर केली नाही.

"कसली प्रत?"

"'निरोपाचा पूल'ची. गोदामातला सगळाच जुना माल काढला कंपनीनं. खेळणीवाल्यांना दिला. फिल्मच्या खोलीतली ओयासु भेटली होती बाजारात, ती सांगत होती."

"देऊ देत. बाकीच्या सदतीस चित्रपटांच्या गेल्या तेव्हा आपण काय उपास केले होते?"

तोमेनं काड्या वाटीवर आडव्या ठेवल्या.

"त्यात किनु आहे."

नऊ वर्षांत हे नाव त्या घरात कुणी मोठ्यानं घेतलं नव्हतं. घ्यायचं नाही असं काही ठरलं नव्हतं. पहिल्या महिन्यात तोमेनं एकदा घेतलं, तेव्हा सेइजिरो उठून बाहेर गेला आणि दोन दिवस आलाच नाही. मग तिनं घेतलं नाही.

"नाही," तो म्हणाला. "तो तुकडा चुकलेला होता. मी काढून टाकला होता."

"तुम्ही काढलात. मी परत घातला."

चहा वाटीतून वाहून चटईवर सांडायला लागला, तरी त्याचा हात किटली सरळ करेना.

*

ओकुनो सेइजिरोला क्योतोतल्या उझुमासाच्या सगळ्या स्टुडिओंत 'मुक्या चित्रांचा बडबड्या' म्हणायचे. त्याची चित्रं मुकी होती, सगळ्यांचीच तेव्हा असायची. पण ती काढताना हा माणूस क्षणभर तोंड मिटायचा नाही. कॅमेऱ्याशेजारी पत्र्याचा कर्णा घेऊन उभा राहायचा आणि हँडल फिरायला लागलं की सुरू: "हां, आता दार उघड. हळू. नवरा मेलाय तुझा, पाहुणा नाही आलाय! आता खाली बघ. बघतच राहा. आता थांब... थांब... आणि ओठ. फक्त ओठ हलू दे. शाब्बास गं माझी राणी!" नट म्हणायचे, ओकुनो मास्तरांच्या हाताखाली अभिनय करावा लागत नाही, ऐकलं की झालं. तो 'थांब' म्हणाला की माणसंच काय, म्हणे शेजारच्या सेटवरची घोडीसुद्धा थांबायची.

बाप पंखे रंगवणारा. सेइजिरो सतराव्या वर्षी नाटककंपनीबरोबर पळाला, तिथे पडदे ओढले, पडदे रंगवले, आजारी नटाच्या जागी प्रेत म्हणून पडून राहिला. एकतिसाव्या वर्षी सिनेमात आला आणि तिसऱ्याच वर्षी हातात कर्णा. वर्षाला दोन, कधी तीन चित्रपट. तलवारबाजीचे काढायला सांगायचे कंपनीवाले, आणि तो काढायचाही. पण त्याच्या चित्रपटात तलवार म्यानात गेल्यावर खरी गोष्ट सुरू व्हायची. जो मेला त्याच्या घरी कोण जाऊन सांगणार? आणि जो जातो त्याला दारात काय म्हणायचं सुचत नाही, ते. मुळात त्याला न सुचणारी माणसंच आवडायची. स्वतःला सगळं सुचायचं म्हणून असेल.

तोमे त्याला फिल्म जोडायच्या खोलीत भेटली. दहा-बारा बायका पांढरे हातमोजे घालून ओळीनं बसायच्या, कात्री, पातं, गोंदाची बाटली. फिल्मच्या कुठल्या बाजूवर चित्र आहे ते नुसतं बघून कळत नाही. तेव्हा बायका कडा ओठांना लावायच्या. ओल्या ओठाला चिकटते ती चित्राची बाजू. सेइजिरो दारात उभा होता आणि ही मुलगी त्याच्याच चित्रपटातलं एक मरण ओठांत धरून त्याच्याकडे बघत होती.

"काय हवं?" तिनं तुकडा न काढताच विचारलं.

"तो सात फूट आहे. पाच कर."

"सहा."

"दिग्दर्शक मी आहे."

"मग डोळे तुमचे कुठे आहेत? सहाव्या फुटाला तिचा श्वास सुटतो. तो कापू?"

सहा झाले. पुढल्या वसंतात लग्न झालं. त्या खोलीच्या मुकादमाची तोमेबद्दल एकच तक्रार असायची: हिचे जोड रुंद. बाकीच्या बायका फिल्मच्या कडेच्या अर्ध्या भोकाएवढा जोड ठेवायच्या, ही पुरं एक भोक घ्यायची. "सुटायला नको," एवढंच म्हणायची.

किनु झाली, आणि पाच वर्षांची झाली. कपाळावर कापलेले केस, पुढचा एक दात पडलेला. शोवा सम्राटाच्या दुसऱ्या वर्षी, म्हणजे १९२७च्या एप्रिलमध्ये, 'निरोपाचा पूल'चं शूटिंग चाललं होतं. देहदंडाची शिक्षा झालेल्या एका तरुणाला पुलावरून नेतात, गाव दोन्ही बाजूंना उभं राहून रडतं. गर्दीत पोरं कमी पडली, म्हणून तोमेनं किनुला तयार करून पाठवलं. करायचं एवढंच होतं की आधी पाठमोरं उभं राहायचं, आणि तो माणूस जवळून गेला की वळून त्याच्याकडे बघायचं.

किनु वळली. पण त्या माणसाकडे बघायचं सोडून तिनं सरळ कॅमेऱ्याकडे, म्हणजे कॅमेऱ्याशेजारच्या बापाकडे बघितलं, पडक्या दातानं हसली, हात हलवला आणि काहीतरी म्हणाली.

"कापा! कापा!" सेइजिरो कर्ण्यातून ओरडला. "किनु! तिकडे बघायचं म्हणून किती वेळा सांगितलं?"

तोंड मिटून ती परत पाठमोरी झाली. दुसऱ्या वेळी सगळं सांगितल्यासारखं केलं. वळली, बघितलं, मान खाली. ते वळणं चित्रपटात राहिलं.

नोव्हेंबरात तिला घटसर्प झाला. सेइजिरो तेव्हा बिवा सरोवराकाठी पुढल्या चित्रपटाच्या शेवटच्या दृश्यासाठी एका ढगाची वाट बघत होता. त्याला डोंगरावर एकुलता एक ढग हवा होता. तार आली तेव्हा ढग यायला लागला होता. "एवढं घेतो आणि निघतो," तो म्हणाला. ढग सुंदर आला. तो घरी पोचला तेव्हा शेजारच्या बायका पाणी तापवत होत्या आणि तोमे किनुचे केस शेवटचे विंचरत होती, ती बसलेली नसताना.

फोटो एकच होता, तिसऱ्या वर्षीचा. त्यात ती फोटोवाल्याला घाबरून रडून झाल्यावरची, दगडासारखी.

जानेवारीत ओसाकाची प्रत फाटून दुरुस्तीला आली. तोमेनं घरून चहाचा डबा आणला. काढून टाकलेला तुकडा तिनं एप्रिलपासून त्यात जपून ठेवला होता, तेव्हा का ठेवला ते तिचं तिलाही सांगता आलं नसतं. आज्ञाधारक किनु काढली. हसरी किनु लावली. दोन्ही टोकांना पुरं एक-एक भोक.

*

"आणि मला सांगितलं नाहीस," सेइजिरो म्हणाला. सांडलेला चहा तोमे पुसत होती.

"तुम्ही काढायला लावला असता."

खरं होतं ते. लावला असता.

"ओसाकाला बहिणीकडे जात होतीस तेव्हा..."

"तीन रविवार. सकाळच्या खेळाला. तिकीट काढायचं, पाचव्या रिळापर्यंत बसायचं, ती वळली की उठून यायचं." तिनं फडकं पिळलं. "बहिणीला आजवर वाटतं, मी तिच्या नवऱ्याशी भांडून लवकर जायची."

"काय म्हणाली ती?"

"बहीण?"

"किनु. वळल्यावर. काय म्हणाली?"

"मला काय ठाऊक? मी खोलीत होते. तुम्ही होतात ना समोर."

सेइजिरो होता समोर. पंधरा हातांवर. पण ती बोलली तेव्हा तो कर्ण्यातून बोलत होता.

हा दोष त्याचा धंदाही घेऊन गेला होता. बोलपट आले तेव्हा कंपनीनं त्यालाही एक दिला. नट, माइक, काचेच्या खोलीत बसलेला आवाजवाला. सगळ्यांनी बजावलं, मास्तर, आता गप्प बसायचं. बसला. पहिल्या दिवशीचं काम दुसऱ्या दिवशी सगळ्यांसमोर लावलं: विधवा दाराशी बसून हुंदके देतेय आणि मागून एका पुरुषाचा आवाज, "अजून हळू... आता नाक ओढ... वा!" तंत्रज्ञ हसून लोळले. सात वेळा घेतलं ते दृश्य, सातही वेळा तो होताच त्यात. आपण बोललो हे त्याला आठवायचंही नाही. शेवटी मालक फार अदबीनं म्हणाले, "ओकुनो-सान, थोडे दिवस विश्रांती घ्या." त्या विश्रांतीला आता अडीच वर्षं झाली होती.

*

जुन्या चित्रपटांचं खेळणीवाले काय करायचे हे क्योतोत पोराटोरांना ठाऊक होतं. दोन-चार हात लांबीचे तुकडे कापायचे, कागदी पुडीत घालायचे आणि जत्रेत विकायचे. घरी पत्र्याचं छोटं यंत्र असलं की पोरं कपाटात शिरून भिंतीवर बघायची. महिन्याच्या एकवीस तारखेला तोजी देवळाची जत्रा, पंचवीसला कितानोची. सेइजिरो आणि तोमे दोन्हींना जायला लागली.

कितानोत देवळाच्या दगडी बैलाजवळ ओतोकु नावाची बाई बसायची. सोन्याचा दात, डोक्याला फडकं, समोर टोपल्या.

"कापाकापी इकडे, घोडे तिकडे, भुतं मागच्या टोपलीत! काय हवं आजोबा?"

"बावन्न वर्षांचा आहे मी."

"मग काका. काय हवं काका?"

"एक पूल. पुलावर माणसं उभी आहेत."

"मारामारी आहे?"

"नाही. रडताहेत."

"अगंबाई, रडणं कोण घेतंय! पोरं म्हणतात, मावशी, मुंडकं उडतं ते दे. रडकं सगळं त्या खालच्या करंड्यात. फुकट घालते दुसऱ्या पुडीवर, तरी मेली परत आणून टाकतात."

सेइजिरो करंड्याशी उकिडवा बसला. एकेक तुकडा उन्हाकडे धरायला लागला आणि तिसऱ्या तुकड्यालाच त्याचा हात थबकला. दारावर टेकलेला एका बाईचा हात. त्याचा अकरावा चित्रपट. मग पावसात उभी छत्री, चौदावा. रिकामी वाटी, विसावा. आयुष्यभर ज्यासाठी त्यानं कंपनीशी भांडणं केली ते सगळं त्या करंड्यात कोंबलेलं होतं, आणि ज्यासाठी कंपनीनं त्याच्याशी भांडणं केली ते वरच्या टोपल्यांत भराभर खपत होतं.

"हे तुमचं आहे होय?" ओतोकुला कळलं तेव्हा तिनं कपाळावर हात मारला. "तुमच्यामुळे भरलाय माझा करंडा! जरा दोन-चार माणसं मारायची होतीत की हो!"

"मारली होती. ती विकलीस तू."

एप्रिल गेला, उन्हाळा गेला. पूल काही सापडेना.

हायामा कोगेत्सु त्यांच्याबरोबर यायला लागला तो सप्टेंबरपासून. हा ओसाकाच्या थिएटरातला बेन्शी. पडद्याशेजारी उभा राहून सगळ्या पात्रांचं बोलणं एकटा बोलायचा. राजाचं, रांडेचं, घोड्याचंसुद्धा. एके काळी लोक नट कोण आहे ते न विचारता हायामा बोलणार आहे ना, एवढंच विचारून तिकीट काढायचे. बोलपटांनी त्याचाही घास काढून घेतला. आता तो दोन गल्ल्या पलीकडे राहायचा आणि सायकलवर चित्रांची पेटी बांधून पोरांना गोष्टी सांगत गोळ्या विकायचा. सेइजिरोचं त्याच्याशी वीस वर्षांचं वैर. सेइजिरोच्या प्रत्येक गप्प दृश्यावर हायामा बोलला होता.

"मास्तर, मला आठवतंय ते," पुलाची हकीकत ऐकून तो म्हणाला. "जानेवारीत प्रत दुरुस्त होऊन आली. मी आपला रंगात. सगळा गाव रडतोय, थिएटर रडतंय, आणि एकदम एक पोर पडद्यावर हसते! लोक खिदळायला लागले. माझी पाचावर धारण. काय करू?"

"काय केलंस?"

हायामानं इकडेतिकडे बघितलं, गळा बारीक केला, आणि त्याच्या साठीच्या तोंडातून एक पोर बोललं: "काका, लवकर परत या हं! भात निवतोय!" मग आपल्या आवाजात म्हणाला, "ढसाढसा रडले लोक. त्या दिवसापासून तीच जागा सगळ्यात मोठी झाली."

सेइजिरोनं त्याची गचांडी धरली. भर रस्त्यात, सायकल आडवी, गोळ्या सांडलेल्या.

"माझ्या मुलीच्या तोंडी तू शब्द घातलेस?"

"मला कुठे ठाऊक होतं कुणाची पोर ती! उघडं तोंड दिसलं की शब्द घालायचे, हाच माझा धंदा होता, मास्तर. तुम्ही तरी ऐकलं होतंत का ती काय म्हणाली ते?"

सेइजिरोचा हात सुटला.

"अहो, जाऊ द्या," तोमे खाली वाकून गोळ्या वेचत म्हणाली. "तीन रविवार मी ते वाक्य ऐकलंय. वाईट नव्हतं. पण किनु भाताला कधी भात म्हणायची नाही. मम् म्हणायची."

"चुकलंच, वहिनी," हायामा म्हणाला, आणि तोही वाकला.

*

सापडला तो नोव्हेंबरच्या पंचवीस तारखेला. थंडीनं ओतोकु शेगडीवर हात धरून बसली होती आणि नवीन पोतं तिनं अजून निवडलंही नव्हतं. सेइजिरो तुकडे उजेडाकडे धरत होता; तोमे मात्र बघतच नव्हती. डोळे मिटून एकेका तुकड्याच्या कडेवरून अंगठा फिरवत होती. अंगठा थांबला.

"माझा जोड," ती म्हणाली.

पुरं एक भोक. तिनं अंगठा पुढे सरकवला. पाच फुटांवर दुसरा.

त्यांनी तो आकाशाकडे धरला. पूल. गर्दी. ऐंशीएक खिडक्या, नखाएवढ्या, आणि प्रत्येकीत उडदाच्या दाण्याएवढी एक मुलगी. पहिल्या विसांत पाठमोरी. मग खांदा. मग गाल. मग ती.

"मिळालं?" ओतोकुनं विचारलं. दोघं वरच बघत होती, तेव्हा ती उठून आली, तिनंही मान वर करून बघितलं, आणि मग सेइजिरोच्या नाकाकडे बघितलं, परत वर बघितलं. "अगंबाई," ती हळूच म्हणाली. मग टोपल्यांमागून तिनं लाल रंगाचं पत्र्याचं यंत्र काढून त्याच्या हातात दिलं. "संध्याकाळी परत आणा. आणि फिरवताना मध्ये थांबू नका बरं का. दिवा तापतो. गेल्या महिन्यात एक पोरगं भूत बघत बसलं, तर भुताच्या पोटाला भोक."

"मला सांगतेस?" सेइजिरो म्हणाला. अठरा वर्षांत हे वाक्य त्यानं स्वतः किती नवशिक्यांना सांगितलं असेल.

वाटेत हायामालाही बोलावून घेतलं. घरी तोमेनं तुकडा मांडीवर घेतला. कडा ओठांना लावून चित्राची बाजू बघितली, मऊ फडक्यानं पुसला, आणि सोडेना.

"चालवायला नको," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"आटलीय फिल्म. भोकं बसणार नाहीत यंत्राच्या दातांवर. भिंग आणू, उजेडात बघू. रोज बघता येईल."

"एकेक बघून काय कळणार? ते ऐंशी फोटो झाले. चालवल्याशिवाय ती वळणार कशी? बोलणार कशी?"

"मी तीन रविवार बघितलंय तिला वळताना."

"तू बघितलंस," सेइजिरो म्हणाला. "मी नाही."

तोमेनं हायामाकडे बघितलं. जन्मभर दुसऱ्यांची भांडणं दोन्ही बाजूंनी बोललेला हायामा चटईचा धागा उपसत होता.

तिनं तुकडा दिला.

गाद्या बाहेर काढून तिघं भिंतीतल्या कपाटात शिरली. दुपारचं ऊन बाहेर, आत अंधार. हायामाचे गुडघे तोमेच्या पाठीत, सेइजिरोची कोपरं दाराला.

"वहिनी, माझा पाय कुठे संपतो आणि तुमचा कुठे सुरू होतो हे काही कळेना."

"गप्प बसा हो."

दिवा लागला. आतल्या फळीवर तळहाताएवढा उजेड पडला. सेइजिरोनं हँडल धरलं.

"एका लयीत," तोमे म्हणाली. "मनात आकडे मोजा. हात थांबवायचा नाही."

"तोमे."

"बरं."

पूल आला. थरथरत, ओरखड्यांच्या सरींतून; पण आला. माणसं रडत होती. खाली डावीकडे एक छोटीशी पाठ. ती वळली, केस गालावरून उडाले, हसली, पडका दात, हात, तोंड उघडलं, मिटलं, उघडलं, आणि पांढरा उजेड.

पाच सेकंद.

"बघितलंत?" तोमे म्हणाली. तिचा आवाज कुठून तरी लांबून आल्यासारखा होता. "तुमच्याकडेच बघतेय."

"माझ्याकडे."

"झालं. आता काढा."

"एकदा." त्याचे हात तुकडा परत ओवत होते. "एकदाच. फार भरकन गेलं. ती काय म्हणाली ते कळलं नाही. दोनदा उघडलं ना तोंड, हायामा? दोनदा?"

"दोनदा, मास्तर. दोनदाच."

"अहो, नको."

"जरा सावकाश फिरवतो. थांबत नाही. अठरा वर्षं फिल्मबरोबर काढलीत मी, मला शिकवू नकोस. जरा सावकाश फक्त."

पूल आला. ह्या वेळी गर्दी मधात चालल्यासारखी चालली. आणि कपाटात एक आवाज सुरू झाला, हळू, सवयीचा. आपण बोलतोय हे ज्याचं त्याला कळत नव्हतं.

"हां, उभी राहा. अशीच. छान. आता तो जवळ येतोय... आता वळ. हळू गं. हळू... आता इकडे बघ. तिकडे नाही, इकडे. माझ्याकडे बघ. हां. हस. शाब्बास गं माझी राणी. आता बोल. सावकाश बोल, मी ऐकतोय, आता काही ओरडत नाही मी, बोल... ओठ... थांब. तशीच थांब—"

हात थांबला.

किनु फळीवर थांबली. तोंड अर्धं उघडं, हात वर, डोळे बापावर. अख्खा एक श्वास ती तशी राहिली. मग तिच्या ओठांच्या मधोमध एक तपकिरी ठिपका आला.

"फिरवा! अहो फिरवा!"

ठिपका फुलासारखा उमलला. हनुवटी गेली, गाल गेला, डोळे आत ओढल्यासारखे वाकडे झाले, आणि उजेड पांढरा झाला. जळका गोडसर वास. तोमेचा हात त्याच्या हातावरून यंत्रात घुसला, तिनं उघड्या बोटांनी तुकडा हिसकला. हायामानं पायानं दार ढकललं, बाहेरच्या किटलीतला गार चहा यंत्रावर ओतला. ऊन आत आलं. तिघं कपाटातून अर्धी बाहेर, अर्धी आत.

यंत्रातलं बाकीचं सगळं वितळून त्याचा काळा गोळा झाला होता. तोमेच्या हातात राहिला तो सुरुवातीचा तुकडा, वीसएक खिडक्यांचा. पाठमोरीचा.

सेइजिरोचा हात अजून हँडल धरल्यासारखा हवेत होता. त्यानं तो खाली घेतला. मग म्हणाला, "हायामा."

"मास्तर."

"बोल."

"काय बोलू?"

"तिचं वाक्य. तू बोलायचास ते. भात निवतोय. मम् म्हण हवं तर. काही पण म्हण."

हायामानं तोंड उघडलं. घोड्यांचं, राजांचं, मेलेल्या माणसांचं बोललेलं ते तोंड. ओठ दोनदा हलले. तसंच ते मिटलं.

"नाही येत, मास्तर," तो म्हणाला. "तेव्हा मला ठाऊक नव्हतं ना, कुणाची ती."

बाहेर टोफूवाल्याची तुतारी वाजत गेली. ओतोकुचं यंत्र परत द्यायचं होतं. हायामानं फडक्यानं ते पुसायला घेतलं, एकाच जागी, पुन्हा पुन्हा.

तोमे तिथेच बसून होती. भाजलेल्या बोटांत उरलेला तुकडा. तिनं तो उन्हाकडे धरला: केसांची मागची बाजू, कमरेची गाठ, इवल्या टाचा. ओढताना तो पिळवटून उलटासुलटा झाला होता. कुठली बाजू कुठली ते कळेना. तेव्हा तिनं ओठ ओले केले आणि कडा त्यांना लावली.

चिकटली.

सेइजिरो बघत होता. त्यानं काही सांगितलं नाही. तिनं बराच वेळ ती काढली नाही.